डावा कान

शारजा,
१४ डिसेंबर २०२५

प्रिय विनी,

सप्रेम नमस्कार. आम्ही सगळे मजेत. तुझ्या आईचा गुडघा कसा आहे? उल्हास उद्या बँकेच्या कामाला अबुधाबीला येतोय, त्याच्या हाती हे पत्र आणि थोडा चिवडा देतेय. फोनच करणार होते, पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस.

इकडे ट्रॅफिकचं तेच रडगाणं. मला मात्र आता रोज दुबईला जायचं नसतं, त्यामुळे घर लख्ख आहे. काल ईरा तुझी मॅच बघत होती. म्हणाली, "मम्मा, व्हाय इज विनिता मावशी अलोन?" मी टीव्हीचा आवाज कमी केला. छान बोललीस. होम रनला जरा लवकर ओरडतेस. चेंडू आधी कुंपणापार जाऊ दे.

बेसबॉल मराठीतून कोण ऐकणार म्हणून लोक हसायचे, तेव्हा आपण दोघींनीच ती कॉमेंट्री उभी केली. एकेका शब्दावरून कॅन्टीनमध्ये भांडलो, चहा गार केला. मी आयुष्यात एवढं मनापासून दुसरं काही केलेलं नाही.

म्हणून तुझे मेसेज वाचवत नाहीत. म्हणे, "मी तुझ्यासाठी प्रोड्यूसरशी खूप भांडले गं." विनी, सेमीफायनलच्या ब्रेकमध्ये तू कंट्रोल रूममध्ये गेलीस, तेव्हा तिथल्या माइकचं बटण चालूच राहिलं होतं. मी बूथमध्ये हेडफोन लावून बसले होते. "सर, अपर्णा को लेफ्ट इअर से सुनाई नहीं देता. फायनल में रिस्क क्यों लेना? मैं अकेली संभाल लूँगी." उजव्या कानात शब्द न् शब्द आला.

कानाचं मी तेव्हा सख्ख्या नवऱ्याला, उल्हासलाही सांगितलं नव्हतं. डॉक्टरांकडे फक्त तूच बरोबर होतीस. बाहेर आल्यावर माझा हात धरून म्हणालीस, हे आपल्या दोघींतच. त्यानंतर अख्खा सीझन मी एका कानावर काढला, एक चूक केली नाही, हे तुझ्याइतकं कोणाला ठाऊक? काम गेलं, त्याचं दुःख आहेच. पण केसानं गळा कापलास तो तू, हे काही केल्या पचत नाही.

आणि आज सकाळी पुन्हा तुझा मेसेज. विचारतेस, चेंडू फेकणाऱ्या पिचरची नजर चुकवून धावणारा पुढचा बेस गाठतो, त्याला आपण काय म्हणायचो? तू 'चोरी' म्हणायचा हट्ट धरला होतास, मीच अडवलं होतं. नियमात बसतं, मग त्या बिचाऱ्याला चोर कशाला म्हणायचं, असं माझं म्हणणं.

आता खुशाल म्हण. नियमात बसली तरी चोरी ती चोरीच.

कळावे. लोभ होता.

अपर्णा