मावशीचं काम

सोमवार, ८ जानेवारी १९३४. श्रीवर्धन

दयाराम आला. मुरुडहून बोटीनं, सगळ्या नाटक कंपनीसकट. माझा धाकटा भाऊ, पन्नाशीला टेकलेला, आणि पंचवीस वर्षं एकच काम – कौटुंबिक नाटकांत नायिकेची शिकलेली, तापट मावशी. मिशी काढलेला बाप्या माझ्या ओटीवर बसून पावडरीचा डबा हुडकतो! मासळीवाली मैना मुरुडला खेळ पाहून आलेली. दारातच म्हणाली, "बाई, तुमचा भाऊ तुमच्यापरीस बेस लुगडं नेसतो, व्हय ना?" आज मासळी घेतली नाही.

मंगळवार

दिवाळीत शाळेनं मला पेन्शनीत काढलं. तेव्हापासून घरात निदान शांतता होती. तीही गेली.

जेवताना दयाराम बोलला. "ताई, मालक आता बायकांच्या कामाला बायकाच घेणार म्हणतात. इथला खेळ रंगला तर मला ठेवतील. नाहीतर घरी."

"कुणाच्या घरी?" मी विचारलं.

तो भात कालवत राहिला.

बुधवार

सुपारीच्या वाडीत मांडव घातलाय. तिथं तालीम पाहिली. शिसारी आली. कंबर हलवत चालतो, वाक्यावाक्याला डोळे मोडतो. ही म्हणे शिकलेली बाई! कॉलेजच्या वर्गात आम्ही दोघीच मुली होतो. कंबर हलवायला सवड कुणाला होती?

राहवेना. वर चढले, त्याच्या हातातली छत्री काढून घेतली आणि दाखवलं – आत कसं यायचं, नायकाकडे कसं बघायचं, कुठं गप्प राहायचं. पेटीवाल्यापासून पडदेवाल्यापर्यंत सगळे खदाखदा हसले. "यात हसण्यासारखं काय आहे?" म्हटलं, तर आणखीच. मालक कोंडाजीराव तेवढे हसले नाहीत. नुसते बघत होते.

शुक्रवार

खेळ झाला. मी दाखवलेलं सगळं दयारामनं केलं आणि सपशेल पडला. माझी चाल त्याच्या अंगावर उसनी दिसत होती. लोक जांभया देत होते. एकदोघं उठून विडी ओढायला गेले.

घरी येताना एवढंच म्हणाला, "तुझं ऐकायला नको होतं, ताई."

शनिवार

सकाळी कोंडाजीराव आले. दयारामला रजा. पुढचा मुक्काम बोर्ली पंचतन; तिथपासून मावशीचं काम खरी बाई करणार, म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "बाई, तुम्ही येता?"

दयाराम शेजारीच बसला होता.

रविवार

गाड्या उद्या पहाटे निघतात. दयाराम काही विचारत नाही.

मी अजून नकार दिलेला नाही.