ताईच्या लेखातील दुरुस्त्या

तीर्थस्वरूप ताईस,

साष्टांग नमस्कार. तू प्रकृतीने बरी असशील, असे धरून थेट विषयाला येतो.

माझ्या गौरविकेतील तुझा 'आमचा बोक्या' हा लेख तीनदा वाचला. लेख प्रेमळ आहे. परंतु प्रेम ही चुकांची सबब होऊ शकत नाही. मी 'शंभरावर पात्रांना' आवाज दिला, असे तू लिहितेस. माझ्या नोंदीप्रमाणे पात्रे चौसष्ट, आणि त्यांतील अकरा केवळ खोकतात. माझे पदार्पण सिंहाने झाले, हेही असत्य. ते एका करकरणाऱ्या दाराने झाले. (सिंह सात वर्षांनी मिळाला, तोही पहिल्याच भागात मेला.) 'कार्टून' हा शब्द चौदा वेळा आला आहे, सचेतनपट म्हणावे. आणि 'बोक्या' हे छापायचे नव्हते.

'वयोमानाने आवाज बसला' हे तर फारच ढोबळ. फेब्रुवारीत एका म्हाताऱ्या गिधाडाच्या मरणाचे ध्वनिमुद्रण होते. किंचाळणे, बुडणे, गुदमरणे हे आमच्यात सर्वांत शेवटी घेतात, म्हणजे घसा गेला तरी संवाद हाती राहतात. मी तीन प्रकारे मेलो. काचेपलीकडचा ध्वनिमुद्रक म्हणाला की तिसरे मरण सर्वांत खरे वाटले. त्यानंतर माझ्या तोंडून आवाज आला नाही, नुसता वारा आला. डावा स्वरतंतू हलेनासा झाला आहे. (ओरडण्याशी त्याचा संबंध नाही, असे डॉक्टर सांगतात, तरी गिधाडाला मी क्षमा केलेली नाही.)

घशाच्या या डॉक्टर वयाने लहान, पण वाक्य पूर्ण करणाऱ्या आहेत. त्यांनी समजावले ते असे: मानेला छेद घेऊन त्या तंतूला टेकू द्यायचा. भूल फक्त मानेपुरती. रुग्णाने जागे राहून बोलत राहायचे, आणि आवाज पूर्वीसारखा लागेपर्यंत टेकू कमीजास्त करायचा. तेव्हा पूर्वीचा आवाज ऐकवा, म्हणाल्या. मी अभिमानाने चौसष्टही पात्रे नेली. त्यांनी दीड तास शांतपणे ऐकली आणि विचारले, "काका, यांत तुम्ही कोणते?"

मी चौसष्टांची नोंद बोट फिरवत दोनदा तपासली. तीत मी नव्हतो.

मुलगा सोबत होता. तो म्हणाला, "बाबा म्हणजे अस्वल." (लहानपणी अस्वलाने भरवल्याशिवाय तो जेवत नसे. पुढे मी तोच आवाज चालू ठेवला. त्याचे लग्नही अस्वलानेच ठरवले.) "मग अस्वलावर थांबू या का?" डॉक्टरांनी विचारले. मी बोटांनी चार दिवसांची मुदत मागितली. तुझी भावजय असती तरी उपयोग नव्हता. पहिल्या भेटीत मी तिच्याशी एका सभ्य हरणाच्या आवाजात बोललो होतो. लग्नानंतर तो बदलणे बरे दिसेना. एक्केचाळीस वर्षे तिने हरणाशी संसार केला. शेवटच्या दिवशी 'घाबरू नकोस' असे म्हणालो, तेही हरणच म्हणाले.

बाकी क्षेम.

तुझा धाकटा भाऊ

ता. क. १. दाराच्या आधीचा माझा आवाज ऐकलेले माणूस आता जगात एकच उरले आहे. त्याला शस्त्रक्रियेच्या खोलीत बसू देण्यास डॉक्टर तयार आहेत. मी बोलत राहीन. तुझा भाऊ ऐकू आला, की 'हा' म्हणावे. नाही आला, तर तसे सांगावे. अस्वल आहेच.

ता. क. २. लेखाच्या शेवटी तू माझ्या घरच्या वृद्ध नोकराचे आभार मानले आहेस. फोनवर 'मालक बाहेरगावी आहेत' असे सांगून तो तुझ्या गुडघ्याची चौकशी करतो, आणि 'सख्ख्या भावापेक्षा तो बरा', असे तुझे मत आहे. माझ्या घरी नोकर नाही. भावजय गेली त्या आठवड्यात तुझा फोन आला, मला बोलवेना, म्हणून त्याला पुढे केले. नंतर तुम्हा दोघांचे इतके जमले, की मला मध्ये पडवेना. त्याचा घसा बसून नुसती कुजबुज उरली, तेव्हा तू मिठाच्या गुळण्या सांगितल्यास. केल्या.

ता. क. ३. लेखातील तारखा अशा वाचाव्यात:

माझा जन्म: १२ मार्च नव्हे, ११.

दाराचे ध्वनिमुद्रण: सिंहाच्या म्हणून दिलेल्या तारखेच्या सात वर्षे आधी, ९ सप्टेंबर.

आपले शेवटचे बोलणे: 'सहा वर्षांपूर्वी' नव्हे, गेल्या महिन्याची ३ तारीख, पस्तीस मिनिटे.

शस्त्रक्रिया: 'नुकतीच यशस्वी झाली' नव्हे (ही चूक तुझी नाही, नोकराची आहे), गुरुवार, २२ ऑगस्ट, सकाळी नऊ. यशस्वी झाली की नाही, ते तू सांगायचे आहेस.