तुझ्या ताटातला रस्सा

कासिल्दाताई,

काय करून बसली गं आई! परवा मृतांसाठी झेंडूच्या फुलांत ताटं मांडली. बाबांचं, आजीचं, आणि शेजारी तिसरं. त्यात मोलेचा तिखट रस्सा आणि तुला आवडते तशी कोंबडीची तंगडी. मी विचारलं, "हे कुणाचं?"

"कासिल्दाचं."

मी ओरडलेच, "वेड लागलंय का तुला? ताई अमेरिकेत कामाला गेलीये. जिवंत आहे ती!"

"मग फोन करायला काय झालं तिला? दोन वर्षं मिरच्या वाटताना दाराकडे बघतेय मी. गेलीच असेल, तर उपाशी नको राहायला पोर."

आज सकाळी ताटं उचलली. मेलेली माणसं जेवून गेली की अन्नाची चव जाते, तुला ठाऊकच आहे. बाबांचा रस्सा दरवर्षीसारखा पाणचट लागला. "सगळं ओरपून गेले, हावरट कुठले!" म्हणत आई हसली. मग तिने तुझं ताट माझ्यापुढे सरकवलं. "तू चाख. माझ्याच्याने नाही होणार."

मी बोट बुडवून चाटलं. "झणझणीत आहे गं आई! जीभ भाजली!"

आई मटकन खाली बसली आणि माझे गाल कुरवाळत रडली.

ताई, चव नव्हती गं. कसलीच नव्हती. मला सर्दी झाली असेल, म्हणून मी स्वयंपाकघरात जाऊन एक कच्ची मिरची चावली.

तोंडाची नुसती आग आग झाली.

तुझी,
ओतिलिया