दोन नंबरचं पान

प्रिय छोट्या,

हे पत्र सकाळपासून तिसऱ्यांदा लिहायला घेतलंय. दोन ओळी झाल्या की उठते, खिडकी उघडते, परत लावते, गॅस बंद आहे ना ते बघते आणि पुन्हा येऊन बसते. प्रयोगशाळेत रजा टाकलीय. चोवीस वर्षांत कारण न सांगता घेतलेली ही पहिलीच. आईचा गुडघा आता बराय. जिना उतरून कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत जाते आणि आल्या आल्या तुझं विचारते. कामात आहे तो, असं सांगून मी विषय बदलते.

गेल्या आठवड्यात, कुणाला न सांगता, मी न्यायालयात जाऊन आले. तुमच्या खात्याने सैन्यासाठी घेतलेल्या गोळीरोधक जाकिटांचा तो खटला. याचिका करणारा निवृत्त सैनिक माझ्या पुढच्याच बाकावर होता, पाठ अगदी ताठ. लाच खाऊन कंत्राट दिलं, असं त्याचं म्हणणं. सरकारी वकील म्हणाले, सैन्याने काय घ्यावं हे तज्ज्ञ ठरवतील, न्यायालयाने त्यात पडू नये. त्यावर न्यायमूर्तीबाई म्हणाल्या, "जाकीट चांगलं की वाईट, हे आम्ही बघतच नाही. निर्णय घेताना सगळे कागद समितीपुढे होते का, तेवढं सांगा." वकील म्हणाले, सगळे होते. बाईंनी फाईल चाळली आणि शांतपणे विचारलं, "मग प्रयोगशाळेच्या अहवालात एक नंबरच्या पानानंतर थेट तीन कसं?" टायपिंगची चूक असेल, म्हणाले ते. दोघं-चौघं हसलेसुद्धा. मला मात्र हसू आलं नाही.

कारण ते पान मी लिहिलं होतं. चाचणीत कोरड्या जाकिटांतून एकही गोळी आरपार गेली नव्हती. पण दिवसभर पाण्यात ठेवलेल्या दहापैकी तीन जाकिटांतून गेली. जाकिटामागे ठेवलेल्या मातीच्या ठोकळ्यात पडलेल्या भोकात माझं अख्खं बोट गेलं. हे सगळं त्या पानावर होतं. अहवाल पाठवायच्या आधीच्या रविवारी तू आलास, आईच्या हातचं पोटभर जेवलास, आणि हात पुसता पुसता म्हणालास, "ताई, पाण्यात बुडून कोण लढतं गं? तेवढं पान बाजूला ठेव. पुढच्या खेपेला कंपनीकडून सुधारून घेतो." मी ठेवलं. तुला नाही म्हणायला मला कधी जमलंच नाही. शाळेत तुझी चित्रं मी काढून द्यायचे आणि पकडलं गेलं की बोलणीही मीच खायचे, आठवतं? तेव्हा त्याचं हसू यायचं.

त्या बदल्यात तू कुणाकडून काही घेतलंस का, मला खरंच माहीत नाही. विचारायचं म्हणून दोनदा फोन लावला आणि दोन्ही वेळा हवापाण्यावर बोलून ठेवून दिला. तुझ्या 'नाही'वर माझा विश्वास बसला नसता तर मी काय केलं असतं?

काल मी त्या सैनिकाच्या वकीलबाईंकडे गेले. पानाची मूळ प्रत माझ्याच कपाटात होती, ती दिली आणि प्रतिज्ञापत्रावर सही केली. त्यात पहिला दोष माझा लिहिलाय. नोकरी तर जाईलच, पुढे आणखी काय होईल ते बघू. पण पान कुणाच्या सांगण्यावरून काढलं, तेही लिहिलंय. सोमवारी ते न्यायालयात सादर होईल. तुला नोटिशीतून कळण्याआधी माझ्या अक्षरात कळावं, म्हणून हे पत्र. त्याआधी तू स्वतःहून जाऊन सांगणार असलास, तर मी तुझ्याबरोबर येईन. प्रतिज्ञापत्रात तुझ्या नावापुढे नातं लिहायचं होतं. मी 'सख्खा भाऊ' असं लिहिलं. वकीलबाई म्हणाल्या, नुसतं 'भाऊ' पुरे, 'सख्खा' कायद्याला लागत नाही. मी तो शब्द खोडू दिला नाही.

तू बोलणं टाकलंस तरीही तुझीच,
ताई