बाजूच्या दारावरचा दगड

प्रिय धाकट्या,

जगाचा तू फादर असशील, एवढ्या मोठ्या कॅथेड्रलचा मुख्य असशील, मला धाकटाच. तब्येत बरी आहे. गुडघे कुरकुरतात, तुझी वहिनी त्याहून जास्त. आता मुद्द्याचं.

काल तुझा तो इतिहासवाला आला होता, चारशे वर्षांच्या सोहळ्याचं पुस्तक लिहितोय तो. आल्या आल्या माझ्या कानाशी ओरडायला लागला. म्हटलं, बाबा, घराला आग लागली का? तर ओशाळून म्हणतो, फादर म्हणाले तुम्हाला ऐकू येत नाही, जुनं काही आठवतही नाही. वहिनी आतून म्हणाली, ते सोंग फक्त माझ्यापुरतं आहे. मी हसलो. तो गेल्यावर हसू काही टिकलं नाही. माझे कान गेले असं तू कधीपासून सांगत फिरतोस, आणि कशासाठी?

मग एकेक डोक्यात यायला लागलं. बाजूच्या दारावरच्या, बांधकामाचं साल कोरलेल्या त्या दगडाकडे चाळीस वर्षं कुणी ढुंकून पाहिलं नाही. गेल्या महिन्यात तू त्याच्यावर काच बसवलीस. म्हणे पावसापासून जपायला. कमानीच्या आत पाऊस येतो कुठून? काचेमुळे दगडावर बोट फिरवता येत नाही, एवढंच.

तुला ठाऊक आहे, तरी लिहितो. वीज पडून जुना दगड फुटला, तेव्हा नवा घडवायचं काम माझ्याकडे आलं. जुन्यावरचा तिसरा आकडा पार झिजलेला. इंग्रजी आठ असावा, नाहीतर सहा. खाली थोडी गोलाई दिसत होती. गोलाई कोरायची म्हणजे दीड दिवस, आणि मला पुढच्या कामाची घाई. मी सरळ उभी रेघ मारली. एक. कुणी विचारलं नाही. माझ्या आळसाने कॅथेड्रल एका दुपारीत पन्नास नाहीतर सत्तर वर्षांनी म्हातारं झालं. तू सुट्टीवर घरी आला होतास. खालून बघून म्हणालास, दादा, हा आकडा फारच नवाकोरा दिसतो. मग आपण दोघांनी त्याला काजळी आणि चिखल चोळला.

इतिहासवाला दिसतो तेवढा भोळा नाही. जाताना त्याने माझी दातेरी छिन्नी उचलून विचारलं, ही इकडे कधी आली? म्हटलं, माझ्या बापाच्या वेळी. त्याआधी सगळे टोकाच्या छिन्नीने घडवायचे, तिचे ठिपके पडतात. हिच्या कंगव्यासारख्या रेघा. त्याने मान डोलावली आणि विचारलं, ती काच निघते का हो? आपल्या त्या दगडावर ह्याच रेघा आहेत, हे तुला मला ठाऊक.

बिशपसाहेब येणार, पत्रिका वाटून झाल्या, म्हणून तू गप्प आहेस असा मला संशय आहे. तसं नसेल तर मला चार शिव्या घाल, आनंदाने खाईन. पण सोमवारी तो परत येतोय, आणि विचारलं तर मी खोटं बोलणार नाही. म्हणून आज हे लिहायला बसलो. मध्ये रविवार आहे. प्रवचनाला उभा राहशील तेव्हा तूच सांगून टाक. म्हण, माझ्या मोठ्या भावाने कंटाळा केला. लोक मला हसतील, हसू देत. सोमवारी मी आधी बोललो तर मला कुणी हसणार नाही, सगळे तुझ्याकडे बघतील. ते मला बघवणार नाही.

तुझाच,
दादा