विरलेली घडी

ताई,

आम्ही अंतराला घडी घालतो आणि तुमचा ग्रह स्टेशनच्या दाराशी येतो. लोकांना यात काही वाटेनासं झालंय. पण रोज एकाच जागी घडी पडली की कापड विरतं, तसं अवकाशही विरतं. काल तुमच्याकडची घडी हाताला जाळीसारखी लागली. साहेब म्हणाले, "अजून एक माणूस जाईल. मग कायमची मोडायची." यानाने यायला जन्म पुरणार नाही.

तू बाळंतपणाला आईला बोलावलंयस. तिकडे तुला दुसरं आहे कोण? खरं सांगितलं तर ती माझ्यासाठी इथेच थांबेल. दोनदा तिच्या खोलीपर्यंत गेलो आणि पाणी पिऊन परत आलो. हे पत्र पाठवायचं तर तिच्याच हाती द्यावं लागेल, आणि ती दारातच फोडून वाचेल. तेव्हा राहू दे.

आत्ता ती पिशवी भरतेय. मला बजावलं, "महिनाभर तुझं तू बघ. पण मी परत येईन तेव्हा घराचा उकिरडा दिसता कामा नये."

मी हो म्हणालो. सकाळपासून तिसऱ्यांदा घर झाडतोय.

तुझा,
पाठचा