जैतूच्या गोष्टीला हूं कोण देणार

६ ऑक्टोबर १९९१
लग्नाच्या कॅसेटी बास. यापुढे आदिवासींच्या गोष्टी पडद्यावर. नेरे गावाच्या वरच्या कातकरवाडीत जैतू नावाचा माणूस झकास गोष्टी सांगतो म्हणे. धोरण पक्कं: गोष्ट त्याची, शब्द त्याचे. निर्मात्यानं मध्ये तोंड घालायचं नाही. कुमुदला वाचून दाखवलं. तुम्ही आणि गप्प, म्हणाली. बायकोला कलेतलं काही कळत नाही.

१३ ऑक्टोबर, सकाळ
वाडीवर शूटिंग. साउंड स्वच्छ हवा म्हणून बाया, पोरं, कोंबड्या, सगळ्यांना लांब हाकललं. जैतू एक वाक्य बोलला आणि थांबला. कॅमेरामन निनाद घाबरला, कॅसेट अडकली की काय. जैतू म्हणाला, साहेब, हूं कोन देनार? हूं नाय तं गोष्ट फुडं जाल कशी?
हाकललेल्यांना परत बोलावणं बरं दिसलं नसतं. म्हटलं, मी देतो. एक अक्षर तर आहे.

दुपारी ४
उत्तम दिलं. किरकोळ सूचना केल्या, तेवढंच. सशाऐवजी वाघ घेतला तर दिल्लीच्या फेस्टिव्हलला उठून दिसेल. शिवाय गोष्टीचा अर्थ जैतूला नीट समजावला. बिचारा भारावून गप्पच झाला.

२७ ऑक्टोबर
कॅसेट पाहिली. तीन तासांत जैतू चार मिनिटं. कुमुद म्हणाली, अहो, मुलाखत छान झालीय तुमची, पण समोर बसलेत ते कोण?
माइकचा दोष. पुन्हा शूट करू. या वेळी तोंडात अख्खी सुपारी धरणार. निनाद म्हणतो, लगेच जाऊ, दिवाळी झाली की वाडी वीटभट्टीवर जाते. फराळ सोडून कोण जातं!

१७ नोव्हेंबर
वाडीच्या तोंडाशी भट्टीचा ट्रक. गोधड्या, भांडी चढवणं चालू. जैतूची बायको चिंधी म्हणाली, आता पावसालाच येऊ. म्हणजे ट्रक सुटायला अजून तासभर आहे. पुष्कळ झाला. आधी पाच मिनिटांचं प्रास्ताविक केलं. चाळीस झाली असतील. मग सुपारी तोंडात, कॅमेरा जैतूवर. बॅटरी संपली.
जैतू ट्रकमध्ये चढला. पोरं भोवती जमली. यक साहेब होता, जैतूनं सुरू केलं. पोरं म्हणाली, हूं. त्याला गोष्ट पायजे होती. हूं. गोष्ट धराया त्यानं पेटी आनली. हूं. पन पेटीत तोच जाऊन बसला.
पोरं हसत सुटली, हूं द्यायचं विसरली. जैतू थांबला. माझ्याकडे बघत राहिला.
लाज वाटली. फार वाटली. पण पुढे काय होतं ते ऐकायचंच होतं. घाईघाईनं सुपारी थुंकून हूं म्हणालो.
ट्रक सुटला होता.